बंदूक वारशाने येते, परवाना येत नाही

घरातला कर्ता माणूस गेला की त्याच्या मागे राहिलेल्या वस्तू पुढच्या पिढीच्या होतात. शेतीचा फेरफार करायला तलाठ्याकडे जावं लागतं, सातबाऱ्यावर वारसांची नावं चढायला वेळ लागतो, भावाभावांत कुरबुरीही होतात. पण फेरफार अडला म्हणून कुणी शेतात नांगर घालायचं थांबत नाही. बैलजोडी, बंडी, कवेलूचं घर, कोपऱ्यातलं उखळ, सगळ्याचं असंच. या यादीला एक अपवाद आहे, परवान्याची बंदूक. मालक गेला की ती वारसांच्या मालकीची होते, पण त्याच दिवसापासून ती घरात ठेवायचा अधिकार मात्र घरात कुणाकडेच उरत नाही.

मी मूळचा चंद्रपूरचा, आता पुण्यात सॉफ्टवेअर इंजिनिअर. आमच्या कामात मालकी आणि परवानगी हे दोन वेगळे रकाने असतात. फाइल तुमची असू शकते आणि तरीही ती उघडायचा अधिकार तुमच्याकडे नसू शकतो. त्यामुळे शस्त्र कायद्यातली ही फोड मला पहिल्यांदा वाचताना ओळखीची वाटली, जरा सोयीचीही वाटली. नंतर तेच कलम मोहर्लीच्या नकाशावर ठेवून वाचलं, तेव्हा त्यातून दीडशे वर्षांचा इतिहास बाहेर यायला लागला. कुणाच्या हातात बंदूक असावी, याबद्दल वेगवेगळ्या काळातल्या सरकारांनी घेतलेले निर्णय एकावर एक रचत गेले आहेत, आणि ते सगळे एका शेतकऱ्याच्या वारसाला एकाच वेळी लागू होतात.

एक समजा-प्रकरण

मोहर्ली बहुतेकांना माहीत आहे ती ताडोब्याचं गेट म्हणून. भद्रावती तालुक्यातलं, इरई धरणाच्या पाण्याजवळचं गाव. पहाटे जिप्सींची रांग, रिसॉर्टच्या पाट्या, वाघ दिसला की नाही याची चर्चा. रीलमध्ये न येणारी दुसरी मोहर्ली म्हणजे आजूबाजूच्या पट्ट्यातली शेती. धान, तूर, हरभरा. रात्री रानडुकरं येतात, रोही येतात, चितळांचे कळप येतात. पीक वाचवायचं तर मचाणीवर जागलीला जावं लागतं, आणि अंधारात त्याच वाटेने वाघही फिरत असतो.

समजा, या पट्ट्यातल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याकडे पीक संरक्षणाच्या परवान्यावरची ठासणीची बंदूक आहे. ठासणीची म्हणजे जिला काडतूस लागत नाही. नळीच्या तोंडातून दारू आणि छर्रे भरायचे, गजाने ठासायचे, आणि एक बार उडाला की पुन्हा पहिल्यापासून. आमच्याकडे, विशेषतः गडचिरोलीत, तिला ‘भरमार’ म्हणतात. आता हा शेतकरी वारतो. त्याला दोन मुलं आणि एक मुलगी. धाकटा शेती करतो. पुढे काय होतं?

पहिला टप्पा ठाण्याचा. १९५९च्या शस्त्र कायद्याचं २१वं कलम सांगतं की शस्त्र बाळगणं कोणत्याही कारणाने कायदेशीर राहिलं नाही, तर ते विनाकारण वेळ न घालवता जवळच्या पोलिस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करायचं. जमा केलं म्हणून मालकी जात नाही. वारसाला परवाना मिळाला तर तो बंदूक परत नेऊ शकतो. नाही मिळाला तर ती परवाना असलेल्या दुसऱ्या माणसाला विकून पैसे घेऊ शकतो. ठरलेल्या मुदतीत यातलं काहीच झालं नाही, तर जिल्हादंडाधिकाऱ्याच्या आदेशाने बंदूक सरकारजमा होऊ शकते.

दुसरा टप्पा जिल्हाधिकारी कार्यालयाचा. २०१६च्या शस्त्र नियमांत वारसांसाठी स्वतंत्र तरतूद आहे. परवानाधारक वारल्यावर त्याच्या कायदेशीर वारसाला परवाना देता येतो. परवानाधारक हयात असेल, तर त्याला ७० वर्षं पूर्ण झाल्यावर किंवा बंदूक बाळगून २५ वर्षं झाल्यावर, यातलं जे आधी होईल तेव्हा, तो स्वतः एका वारसाचं नाव सुचवू शकतो. म्हणजे आपल्या शेतकऱ्याने जिवंतपणी अर्ज केला असता तर ठाण्याचा टप्पा टळला असता. आता धाकट्याला बाकीच्या वारसांची ना हरकत लागेल. त्याचं वय २१च्या वर हवं. पोलिस पडताळणी होईल. बंदूक सुरक्षितपणे हाताळण्याचं प्रशिक्षणही नियमांत आहे. अर्ज नाकारला गेला तर वर अपील करता येतं.

यातली एक बारीक गोष्ट पुढे फार महत्त्वाची ठरते. वडिलांचा परवाना धाकट्याच्या नावावर ‘चढत’ नाही. त्याला त्याचा स्वतःचा परवाना ‘दिला’ जातो. बंदूक जुनी, परवाना नवा.

हयात माणसाने बंदूक विकायची किंवा द्यायची म्हटली तरी रीत साधी नाही. स्वतःच्या वापरातली बंदूक दुसऱ्या परवानाधारकाला देण्यासाठी विक्रेत्याचा परवाना लागत नाही, पण कोणाला देणार त्याचं नाव-पत्ता लिहून जिल्हादंडाधिकाऱ्याला किंवा ठाण्याला कळवावं लागतं, आणि त्यानंतर किमान ४५ दिवस थांबावं लागतं. हे पाचवं कलम. लष्करी काडतूस चालेल अशी .३०३ रायफल किंवा ९ मिलिमीटर पिस्तूल असेल, तर ती वरच्या, निर्बंधित वर्गात मोडते आणि सगळीच चाळणी आणखी बारीक होते. ठासणीची बंदूक या उतरंडीत सर्वांत खालची. तिला फारसा बाजारभावही नाही. तरीही मोहर्लीत तिच्या हस्तांतराला जी अडचण येते, ती पुण्यामुंबईतल्या पिस्तुलाला येत नाही. कारण तिसरा टप्पा वनखात्याचा आहे. त्याकडे येण्याआधी मागे जायला हवं.

वारस नाकारून घेतलेला मुलूख

नागपूरचे तिसरे रघुजी भोसले डिसेंबर १८५३ मध्ये पुत्र नसताना वारले. दत्तक वारस डलहौसीने मानला नाही आणि १८५४ मध्ये राज्य खालसा झालं. चांदा, म्हणजे आजचे चंद्रपूर आणि गडचिरोली जिल्हे, त्याच राज्याचा भाग होता. आमचा मुलूख इंग्रजांच्या ताब्यात गेला तोच मुळी वारसाचा हक्क नाकारून.

चार वर्षांनी इथल्या जंगलात बंदुका उठल्या. मोलमपल्लीचा तरुण जमीनदार बाबुराव शेडमाके याने गोंड, माडिया आणि रोहिले यांची फौज उभी केली आणि १८५८च्या उन्हाळ्यात कंपनीच्या सैन्याला जेरीस आणलं. अहेरीच्या जमीनदारीण लक्ष्मीबाईंच्या मदतीने इंग्रजांनी त्याला पकडलं आणि २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांद्याच्या तुरुंगात फाशी दिलं. तेव्हा तो पंचविशीत होता. माझ्यापेक्षा लहान. चंद्रपुरात वाढलेल्या कुणालाही ही गोष्ट नवी नाही. शाळेत मात्र ती बलिदानाची गोष्ट म्हणून सांगितली जाते. त्यानंतर बंदुकांचं काय झालं, हे कुणी सांगत नाही.

१८५७च्या उठावानंतर देशभर शस्त्रं काढून घेण्याचं धोरण आलं आणि १८६० मध्ये त्याचा कायदा झाला. हा कायदा सगळ्यांना सारखा नव्हता. फेब्रुवारी १८६१ मध्ये म्हैसूर आणि कूर्गचा कमिशनर मार्क कबन याने जाहीर केलं की कूर्गच्या लोकांना हा निःशस्त्रीकरणाचा कायदा लागू नाही. कारणही दिलं होतं, त्यांची निष्ठा आणि सरकारला झालेली त्यांची मदत. ती सवलत वेगवेगळ्या रूपांत आजही टिकून आहे. कोडगूतल्या कोडवा समाजाला आणि तिथल्या ‘जम्मा’ जमीनधारकांना ठरावीक प्रकारच्या बंदुकांसाठी परवान्यातून सूट आहे. केंद्र सरकारने २०१९ मध्ये ती आणखी दहा वर्षांसाठी वाढवली, ऑक्टोबर २०२९ पर्यंत.

या दोन जंगली मुलुखांकडे शेजारी शेजारी ठेवून बघा. दोन्हीकडे डोंगर, रानडुकरं, शेती आणि पिढीजात बंदूक. एकाला सूट मिळाली, दुसऱ्याला परवाना. कोडवांची सूट काढून घ्यावी असं मला म्हणायचं नाही. सांगायचं एवढंच, की कोणावर विश्वास ठेवायचा याचा एक निर्णय १८५७-५८च्या धुरात घेतला गेला आणि तो अजून आपल्या नियमपुस्तकात जिवंत आहे.

पुढे १८७८ मध्ये व्हाइसरॉय लिटनने हा सगळा कारभार एका कायद्यात बांधला. विनापरवाना बंदूक बाळगणं, ती घेऊन फिरणं गुन्हा ठरलं. युरोपियनांना नियमांतून मोकळीक होती. बाळगणं बेकायदा झालं की शस्त्र ठाण्यात जमा करायचं, ही तरतूदही याच कायद्यात आहे. आपल्या समजा-प्रकरणातला धाकटा मुलगा ज्या कलमाखाली बंदूक घेऊन ठाण्यात जातो, त्या कलमाचा पूर्वज म्हणजे लिटनचं सोळावं कलम. त्याच वर्षी लिटनने देशी वृत्तपत्रांची मुस्कटदाबी करणारा कायदाही आणला होता. तो चार वर्षांत रिपनच्या काळात रद्द झाला. शस्त्रांचा कायदा ८४ वर्षं टिकला. वंशभेद पहिल्या महायुद्धानंतरच्या नियमांनी काढला, पण परवान्याची चौकट तशीच राहिली.

डिसेंबर १९४८

स्वातंत्र्य चळवळीला हा कायदा अपमान वाटायचा. काँग्रेसच्या अधिवेशनांत त्याविरुद्ध ठराव व्हायचे. अहिंसेचा पुरस्कार करणाऱ्या गांधीजींनीही १९१८ मध्ये सैन्यभरतीच्या पत्रकात, संपूर्ण राष्ट्राला निःशस्त्र करणारा हा कायदा ब्रिटिश राजवटीच्या सर्वांत काळ्या कृत्यांत मोजला होता. १९३१च्या कराची ठरावात तर नियमांच्या चौकटीत शस्त्र बाळगण्याचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीत होता.

मग राज्यघटना लिहायची वेळ आली. डिसेंबर १९४८च्या सुरुवातीला संविधान सभेत हरि विष्णू कामत यांनी हा हक्क घटनेत घालण्याची दुरुस्ती मांडली. कामत हे मध्य प्रांत आणि वऱ्हाडाचे प्रतिनिधी होते, आणि चांदा जिल्हा तेव्हा त्याच प्रांतात होता. त्यांचा आधार कराचीचा ठरावच होता, आपणच दिलेलं वचन आपण का गाळतो आहोत? डॉ. आंबेडकरांनी ती दुरुस्ती स्वीकारली नाही. असा हक्क सरसकट सगळ्यांना देता येणार नाही, शस्त्रांवर राज्याचं नियंत्रण असायलाच हवं, ही त्यांची बाजू होती. सभेने दुरुस्ती फेटाळली.

फाळणीच्या दंगलींना जेमतेम वर्ष झालं होतं. गांधीजींचा खून त्याच वर्षी पिस्तुलाने झाला होता. त्या डिसेंबरमध्ये मी सभेत असतो तर आंबेडकरांच्या बाजूनेच हात वर केला असता. पण त्या निर्णयाचा एक परिणाम नीट लक्षात घ्यायला हवा. भारतात बंदूक हा हक्क झाला नाही, ती मेहरबानी राहिली. हक्क वारशाने जातो. मेहरबानी प्रत्येक पिढीला नव्याने मागावी लागते.

१९५९ मध्ये नवा शस्त्र कायदा झाला आणि १ ऑक्टोबर १९६२ पासून लागू झाला. त्यात एक जागा मात्र शेतकऱ्यासाठी राखून ठेवलेली होती. तेराव्या कलमात लिहिलं आहे की खऱ्याखुऱ्या पीक संरक्षणासाठी नागरिकाला ठासणीची बंदूक हवी असेल, तर परवाना द्यावा. इतर शस्त्रांसाठी ‘सबळ कारण आहे का’ हे अधिकारी तपासतो, इथे पिकाचं रक्षण हेच कारण मानलं आहे. ठासणीची बंदूक पुरेशी नाही असं अधिकाऱ्याला पटलं, तर साध्या नळीची दुसरी बंदूकही देता येते. नाकारण्याची कारणं वेगळ्या कलमात आहेतच, पण मेहरबानीच्या त्या सगळ्या व्यवस्थेत हक्काच्या सर्वांत जवळ जाणारी जागा हीच. आणि ती धानाच्या बांधीवर जागणाऱ्या माणसासाठी होती.

दहा किलोमीटरचं वर्तुळ

ताडोब्यात शिकारीला १९३५ मध्येच बंदी आली होती. १९५५ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालं, सुमारे ११६ चौरस किलोमीटरचं. १९७२ मध्ये वन्यजीव संरक्षण कायदा आला. १९८६ मध्ये मोहर्ली आणि कोळसा हे वनपरिक्षेत्र मिळून अंधारी अभयारण्य झालं. १९९५ मध्ये दोन्ही मिळून ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्प बनला. नंतर भोवताली बफर आलं.

पर्यटनाच्या माहितीपत्रकात ही यादी यशाच्या पायऱ्यांसारखी येते, आणि वाघांच्या बाजूने पाहिलं तर ती तशी आहेच. पण वन्यजीव कायद्याचं ३४वं कलम मी वाचलं तेव्हा तीच वर्षं वेगळी दिसली. अभयारण्य जाहीर झालं की तीन महिन्यांच्या आत, त्याच्या आत किंवा दहा किलोमीटरच्या परिसरात राहणाऱ्या प्रत्येक शस्त्र परवानाधारकाने मुख्य वन्यजीव रक्षकाकडे आपली नोंदणी करायची. म्हणजे १९८६ मध्ये मोहर्ली परिसरातल्या बंदुकांना दुसरी वही लागली. पहिली जिल्हाधिकाऱ्याची, दुसरी वनखात्याची.

पुढच्या एका दुरुस्तीने अभयारण्यापासून दहा किलोमीटरच्या आत नवा शस्त्र परवाना द्यायचा असेल तर मुख्य वन्यजीव रक्षकाची पूर्वसंमती बंधनकारक झाली. २०२२च्या दुरुस्तीने नूतनीकरणाची माहितीही वन्यजीव विभागाला देणं आवश्यक केलं.

आता धाकट्या मुलाकडे परत येऊ. बंदूक जुनी, परवाना नवा. कलम शब्दशः वाचलं तर वडिलांच्या बंदुकीसाठी त्याने मागितलेला परवाना हा दहा किलोमीटरच्या आतला नवा परवानाच आहे. वडिलांची बंदूक त्या घरात किती वर्षं होती, याने फरक पडत नाही. १९५९चा कायदा म्हणतो, पिकासाठी ठासणीची बंदूक द्या. १९७२चा कायदा म्हणतो, आधी आम्हाला विचारा. मधे उभा असलेला माणूस दोन्ही कायद्यांसाठी नवा अर्जदार आहे.

याच कायद्यात वारशाची आणखी एक तरतूद आहे. जुन्या मालगुजारी वाड्यांत शिकारीच्या काळातलं वाघाचं कातडं किंवा सांबराची शिंगं असायची. अशी वस्तू मालकी प्रमाणपत्रासह असेल तर ती विकता येत नाही, पण वारशाने मिळू शकते. वारसाने ९० दिवसांत वन्यजीव विभागाला तसं कळवायचं असतं. मारलेल्या वाघाचं कातडं नियमानुसार पुढच्या पिढीकडे जाऊ शकतं. शेतकऱ्याच्या ठासणीच्या बंदुकीचा रस्ता त्याहून लांबचा आहे.

नंबर आणि मर्यादा

गेल्या दशकातला बदल माझ्या धंद्याच्या जवळचा. देशातले शस्त्र परवाने एका राष्ट्रीय डेटाबेसमध्ये आले आणि प्रत्येक परवानाधारकाला एक युनिक आयडेंटिफिकेशन नंबर, युआयएन, द्यायचं ठरलं. नंबर नसलेला परवाना अवैध. मुदती अनेकदा वाढल्या. या कल्पनेत मला खोट दिसत नाही. एका जिल्ह्यातल्या पिवळ्या पडलेल्या वहीवर आणि कारकुनाच्या आठवणीवर शस्त्रांचा हिशेब चालणं धोक्याचंच होतं. पण डेटाबेस तयार करताना जुनी नोंद नव्या रकान्यात बसवावी लागते, आणि जी नोंद बसत नाही ती बाहेर राहते. जुन्या पुस्तिकेवरचा, अंगठ्याच्या ठशाचा, गावापुरता परवाना ऑनलाइन नोंदवायला तालुक्याला चकरा मारायच्या कुणी? आणि नंबर नसलेल्या परवान्यावर वारसाने दावा करायचा तर तो कशावर?

डिसेंबर २०१९ मध्ये कायदा पुन्हा बदलला. एका माणसाकडे तीनऐवजी दोनच बंदुका. मूळ विधेयकात तर एकच होती, विरोध झाल्यावर दोन झाल्या. त्या चर्चेत वडिलोपार्जित शस्त्रांचा मुद्दा पुढे होता. वारशाने परवाना द्या, पण दोनची मर्यादा ओलांडू नका, असं कायद्यात नमूद झालं. परवान्याची मुदत तीनवरून पाच वर्षं झाली. विनापरवाना बंदुकीसाठी किमान शिक्षा दोन वर्षांवर गेली. ही चर्चा राजवाड्यांतल्या रायफलींबद्दल, नेमबाजांबद्दल झाली. एकाच ठासणीच्या बंदुकीवर जगणाऱ्या माणसाला तीन काय आणि दोन काय. त्याला लागू झाली ती वाढलेली शिक्षा. वडील गेल्यावर बंदूक आढ्याला तशीच खोचून ठेवणाऱ्या मुलासाठी ते वाक्य आता जास्त जड आहे.

अमेरिकेची तुलना अशा वेळी हमखास निघते, म्हणून थोडक्यात. तिथे मशीनगनसारख्या निर्बंधित शस्त्रांच्या हस्तांतरावर १९३४ पासून २०० डॉलरचा कर आहे, आणि मे १९८६ नंतर सामान्य नागरिकासाठी नव्या मशीनगनची नोंदणीच बंद आहे. पण आधी नोंदलेलं शस्त्र कायदेशीर वारसाकडे जात असेल तर अर्ज करून ते करमुक्त जातं. म्हणजे नवीन दार बंद करतानाही त्यांनी वारशाची खिडकी ठरवून उघडी ठेवली. त्यांच्याकडे बंदुकांनी घातलेला हैदोस बघता मला तो देश आदर्श वाटत नाही. पण निदान हा निर्णय कुणीतरी मांडला, त्यावर मतदान झालं, आणि कुठली तारीख लागू हे सगळ्यांना कळलं.

कुणीच न घेतलेला निर्णय

मोहर्लीसारख्या गावांतून बंदूक काढून घ्या, असं स्वतंत्र भारतातल्या कुठल्याही सभागृहाने ठरवलेलं नाही. उलट १९५९च्या कायद्यात शेतकऱ्यासाठी खास जागा ठेवली. तरीही व्यवस्था अशी जुळून आली आहे की प्रत्येक मृत्यूबरोबर एक परवाना बंद होतो, आणि त्याच्या जागी नवा उभा राहण्यासाठी तीन कार्यालयांनी हो म्हणावं लागतं. १८६०च्या मोहिमेत शिपाई दारात यायचे. आता कुणाला यावं लागत नाही. वारसच बंदूक घेऊन ठाण्यात जातो, पावती घेतो, आणि चकरा मारून थकला की परत येत नाही.

यावर ‘बरंच झालं’ असं म्हणणाऱ्यांची बाजू कच्ची नाही. भरमारीने चितळ-सांबर मारून मांस विकलं जातं. गडचिरोलीत तर हीच बंदूक माओवाद्यांच्या हातात गेली, आणि घरात बंदूक असणं हेच दोन्ही बाजूंनी संशयाचं कारण ठरलं. पोलिसांच्या आवाहनानंतर गावकऱ्यांनी भरमारी जमा केल्याच्या बातम्या वाचतच मी मोठा झालो. वाघाच्या जंगलाला लागून कमी बंदुका असाव्यात, हे मलाही पटतं.

पण बंदूक गेली म्हणून रानडुक्कर जात नाही. पिकांची नासाडी करणारी रानडुकरं मारण्याची परवानगी राज्यात अटींवर मिळू शकते. २०१६ मध्ये चंद्रपूर जिल्ह्यात अशी रानडुकरं मारली गेली, तेव्हा केंद्रीय मंत्री मेनका गांधी यांनी आपल्याच सरकारच्या पर्यावरण खात्यावर जाहीर टीका केली होती, आणि आठवडाभर देश त्यावर भांडला. भांडणात एक साधा प्रश्न राहून गेला. परवानगीचा कागद शेतकऱ्याच्या हातात आला, तरी बार कोणी काढायचा? परवान्याची बंदूक आहे कोणाकडे?

ती नसते तिथे विजेची तार येते. रात्री शेताभोवती जिवंत तार सोडायची. हा गुन्हा आहे, आणि त्यात रानडुकराबरोबर वाघ मरतो, बिबट्या मरतो, शेजारचा माणूस मरतो, कधी लावणाराच मरतो. आमच्या जिल्ह्यातल्या पेपरात ही बातमी दरवर्षी असते. ठासणीच्या बंदुकीमागे निदान एक डोळा असतो, समोर काय आहे ते बघणारा. तार बघत नाही. ती कोणत्याही दुकानात मिळते, तिला नंबर नसतो, तिच्या खरेदीआधी ४५ दिवस थांबावं लागत नाही. जिथे सर्वांत जुनाट आणि सर्वांत संथ बंदुकीवर आपण तीन कुलुपं लावली, तिथे त्याहून घातक वस्तू कुलुपाशिवाय फिरते आहे.

म्हणून मला वाटतं, हा निर्णय निर्णयासारखा घेतला जावा. अभयारण्याच्या दहा किलोमीटरमध्ये पीक संरक्षणाची बंदूक पुढच्या पिढीला द्यायची की नाही, हे ग्रामसभेत विचारा. द्यायची असेल तर वारसाच्या अर्जाला मुदत घाला, आणि तिन्ही कार्यालयांचं उत्तर एकाच खिडकीवर मिळू द्या. बंदूक सामूहिक ठेवता येईल का, हंगामापुरती देता येईल का, याचा विचार करा. द्यायची नसेल तर तसं लिहून सांगा, आणि बंदुकीच्या बदल्यात काय देणार तेही त्याच कागदावर लिहा. सौर कुंपणाच्या योजना आहेत, पीक नुकसानीची भरपाई आहे. पण बंदूक जमा झाल्याच्या पावतीशी त्यांचा काही संबंध जोडलेला नाही. एका खात्याने घेतलं, दुसऱ्या खात्याने कधीतरी दिलं तर दिलं.

बाबुराव शेडमाकेच्या मुलुखात बंदूक कोणाकडे असावी हे ठरवताना इथल्या लोकांना आजवर कुणी विचारलेलं नाही. १८५८ नंतर भीतीने ठरलं, १९४८ मध्ये दिल्लीत ठरलं, १९८६ मध्ये नकाशावरच्या वर्तुळाने ठरलं. आता ते गावातल्या प्रत्येक मृत्यूनंतर, एकेका घरापुरतं, आवाज न करता ठरतं आहे. वडिलांची बंदूक ठाण्यातल्या मालखान्यात गंजत पडते. रात्रीची जागल मात्र धाकट्याच्या नावावर चढते, आणि तिला कुठल्याच फेरफाराची गरज लागत नाही.